खलनायिकेची आकृती : बोरघाटापासून डिजिटल पडद्यापर्यंत

कथा, नाटक किंवा चित्रपट यांतील खलनायिका, म्हणजे प्रमुख पात्रांच्या विरोधात जाऊन त्यांच्या वाटेत संकटे उभी करणारी स्त्री, प्रेक्षकांच्या स्मरणात दीर्घकाळ टिकते ती मुख्यतः तिच्या दृश्यरूपामुळे. मंथरेची वाकलेली पाठ, शूर्पणखेची नखे, डिस्नेच्या मॅलेफिसंटची काळी शिंगे किंवा दूरचित्रवाणीवरील कोमोलिकाची ठसठशीत टिकली यांपैकी काहीही नुसत्या चार रेषांत काढून दाखवले, तरी पाहणाऱ्याला पात्राचे नाव सांगावे लागत नाही. संगणकावर किंवा टॅब्लेटवर चित्रे काढणाऱ्या आजच्या चित्रकारांना, ज्यांना डिजिटल चित्रकार म्हटले जाते, खलनायिकांचे जे आकर्षण वाटते त्याचे पहिले कारण हेच आहे. आणि हे आकर्षण नवे वाटत असले, तरी त्याची मुळे छापील चित्रे, रंगभूमी आणि चित्रपट या जुन्या माध्यमांत खोलवर गेलेली आहेत.

या मुळांचा शोध घेण्यासाठी रायगड जिल्ह्याच्या अंतर्भागातील कर्जत आणि खालापूर या दोन तालुक्यांचा परिसर विशेष उपयोगी पडतो. या परिसराच्या माथ्यावर, बोरघाट चढून गेल्यावर मळवलीला, चित्रकार राजा रविवर्मा यांचा छापखाना होता. घाटाखाली चौकजवळच्या हातनोली येथे कलादिग्दर्शक नितीन देसाई यांनी उभारलेला एन. डी. स्टुडिओ आहे, खोपोली–पाली रस्त्यावर सांगडेवाडी येथे २०१३ मध्ये सुरू झालेले इमॅजिका हे मनोरंजन उद्यान आहे, आणि त्याच रस्त्यावरून आत वळल्यावर चावणी गावाजवळ उंबरखिंडीची इतिहासप्रसिद्ध रणभूमी आहे. छापील चित्र, चित्रपटाचे नेपथ्य, मनोरंजनाचा उद्योग आणि प्रत्यक्ष इतिहास या चारही गोष्टी इतक्या जवळजवळ नांदत असल्यामुळे, विरोधात उभ्या राहिलेल्या स्त्रीला चित्ररूप कसे मिळते, त्या रूपात सत्य किती असते आणि पूर्वग्रह किती असतो, याचा विचार येथून नेमकेपणाने करता येतो.

घाटमाथ्यावरील छापखाना

रविवर्मा यांनी १८९४ मध्ये मुंबईत छापखाना सुरू केला आणि पुढे काही वर्षांनी तो मळवली येथे हलवला. या छापखान्यात शिळामुद्रणाने, म्हणजे गुळगुळीत चुनखडीच्या दगडावर चित्र उतरवून त्याचा ठसा कागदावर घेण्याच्या पद्धतीने, रंगीत चित्रे छापली जात. प्रत्येक रंगछटेसाठी स्वतंत्र दगड तयार करावा लागे आणि एकावर एक ठसे अचूक बसले, तरच चित्र पूर्ण होई. या छापील चित्रांनी देवदेवता आणि पुराणातील पात्रे सामान्य माणसाच्या घरातील भिंतीवर आणली आणि त्याबरोबरच त्या पात्रांचे चेहरे, वस्त्रे व उभे राहण्याच्या तऱ्हा लोकांच्या मनात पक्क्या केल्या. आजचा डिजिटल चित्रकारही चित्राचे भाग वेगवेगळ्या स्तरांवर, ज्यांना लेयर म्हणतात, रंगवतो आणि ते एकमेकांवर ठेवून चित्र पुरे करतो, त्यामुळे मळवलीच्या दगडांची आणि टॅब्लेटवरील लेयरची कार्यपद्धती एकाच कुळातली ठरते. दोन्हींचा परिणामही सारखाच आहे, कारण एकदा रूप निश्चित झाले की त्याच्या असंख्य प्रती निघतात आणि त्या प्रतींतूनच समाज त्या पात्राला ओळखू लागतो.

भारतीय चित्रपटाचे जनक दादासाहेब फाळके यांनी रविवर्मा यांच्या छापखान्यासाठी काम केले होते आणि १९०८ मध्ये लोणावळ्यात स्वतःचा मुद्रण व्यवसाय सुरू केला होता, ही गोष्ट येथे लक्षात घेण्यासारखी आहे. पुढे ‘लंका दहन’ (१९१७) आणि ‘श्रीकृष्ण जन्म’ (१९१८) यांसारख्या मूकपटांतून त्यांनी पुराणकथा पडद्यावर आणल्या, तेव्हा छापील चित्रांवर पोसलेली प्रेक्षकांची नजर त्यांच्या उपयोगी पडली. मूकपटात आवाज नसल्यामुळे पात्राचा भलेपणा किंवा दुष्टपणा मुख्यतः त्याच्या आकृतीतून कळवावा लागे, आणि रूपावरून स्वभाव ओळखायला लावणारी ही भाषा बोलपट आल्यानंतरही टिकून राहिली.

छापखाना आणि चित्रपट येण्यापूर्वीही ही भाषा महाराष्ट्राला परकी नव्हती. सिंधुदुर्ग जिल्ह्यातील पिंगुळी येथे ठाकर समाजाने जतन केलेल्या चित्रकथी परंपरेत, म्हणजे कागदावर काढलेली चित्रे एकामागून एक दाखवत गाऊन कथा सांगण्याच्या कलेत, रामायण-महाभारतातील प्रसंग रंगवलेले आढळतात. या परंपरेच्या जतनाबद्दल परशुराम गंगावणे यांना २०२१ चा पद्मश्री सन्मान जाहीर झाला. जव्हार-मोखाड्याकडील बोहाड्यात देवांबरोबर राक्षसांचेही मुखवटे नाचतात. रायगडातील पेण ज्यासाठी प्रसिद्ध आहे त्या मूर्तिकलेशी आणि गणेशोत्सवातील देखाव्यांशीही पूतनावधासारखे प्रसंग पिढ्यान्‌पिढ्या जोडलेले आहेत. म्हणजेच खलस्त्रीचे रूप ठरवण्याचे काम महाराष्ट्रात चित्रकार, मुखवटे घडवणारे कारागीर आणि मूर्तिकार हे सारे करत आले आहेत, आणि डिजिटल चित्रकार हा त्यांचाच वारस आहे.

आनंदीबाई आणि ललिता पवार

मराठी मनातील सर्वांत प्रभावी खलनायिका कोणती, असा प्रश्न विचारला तर पहिले नाव बहुधा रघुनाथराव पेशव्यांच्या पत्नी आनंदीबाई यांचे निघेल. नारायणराव पेशव्यांचा खून ३० ऑगस्ट १७७३ रोजी शनिवारवाड्यात झाला आणि त्यांना धरण्याच्या आज्ञापत्रात आनंदीबाईंनी अक्षर बदलून मारण्याची आज्ञा केली, अशी आख्यायिका रूढ झाली. या फेरफाराचा निर्णायक पुरावा उपलब्ध नाही आणि गारद्यांच्या, म्हणजे भाडोत्री शिपायांच्या, कटात सामील असलेली पुरुषमंडळी अनेक होती; तरीही बदललेले अक्षर ही कल्पना इतकी चित्रमय आहे की, दोषाचा मोठा भार एका स्त्रीच्या माथी कायमचा बसला. कृष्णाजी प्रभाकर खाडिलकर यांच्या ‘भाऊबंदकी’ या नाटकाने तिला रंगभूमीवर अढळ स्थान दिले आणि प्रभात कंपनीच्या ‘रामशास्त्री’ (१९४४) या चित्रपटात ललिता पवार यांनी ती पडद्यावर साकारली.

येवल्याच्या ललिता पवार यांची कारकीर्द हा दृश्यसंस्कृतीच्या अभ्यासकाला थांबून विचार करायला लावणारा विषय आहे. मूकपटांपासून नायिकेच्या भूमिका करणाऱ्या या अभिनेत्रीला १९४२ मध्ये एका चित्रीकरणात जोराची थप्पड बसली, चेहऱ्याला अर्धांगवायूचा झटका आला आणि प्रदीर्घ उपचारांनंतरही डाव्या डोळ्यात व्यंग राहिले. त्यानंतर नायिकेच्या भूमिका दुरावल्या, परंतु त्याच डोळ्याच्या आधाराने त्यांनी कजाग सासू, कपटी नातलग आणि कारस्थानी स्त्री यांचा असा ठसा उमटवला की, १९८७ मध्ये सुरू झालेल्या रामानंद सागर यांच्या ‘रामायण’ मालिकेत मंथरेच्या भूमिकेतही तोच बारीक झालेला डोळा घराघरांत ओळखीचा झाला. एका कलावतीच्या शरीराला झालेली इजा ही संपूर्ण देशासाठी दुष्टपणाची खूण बनली, ही वस्तुस्थिती कलेच्या दृष्टीने थोर आणि माणुसकीच्या दृष्टीने क्लेशकारक आहे. आज त्यांचा चेहरा घेऊन व्यंगचित्रे, स्टिकर आणि मीम, म्हणजे ओळखीच्या चित्रावर नवा मजकूर घालून समाजमाध्यमांवर फिरवली जाणारी चित्रे, तयार होतात. त्या चेहऱ्यामागील अभिनयाची मेहनत आणि सोसलेले दुखणे ज्याला माहीत आहे, तो चित्रकार तो डोळा अधिक आदराने आणि अधिक अचूकपणे काढील.

सोलापूरच्या शशिकला यांनीही नकारात्मक भूमिकांना वेगळे, शहरी आणि डौलदार रूप दिले आणि ‘आरती’ व ‘गुमराह’ या चित्रपटांतील अशाच भूमिकांसाठी त्यांना फिल्मफेअर पुरस्कार मिळाले. ललिता पवार यांची खलनायिका घराच्या चौकटीतली होती, तर शशिकला यांची खलनायिका क्लबात, मोटारीत आणि आधुनिक पोशाखात वावरणारी होती. पहिली मंथरेच्या वंशातली आणि दुसरी मोहिनीच्या वंशातली, असे म्हणता येईल. पुढची लोकप्रिय चित्रसंस्कृती या दोन नमुन्यांच्या आधारानेच मोठ्या प्रमाणावर वाढली.

हातनोलीचा किल्ला आणि माहम अंगा

एन. डी. स्टुडिओ २००५ मध्ये उभा राहिला आणि आशुतोष गोवारीकर यांच्या ‘जोधा अकबर’ (२००८) या चित्रपटासाठी तेथे आग्र्याच्या किल्ल्याचे भव्य नेपथ्य उभारण्यात आले. या चित्रपटातील एक विरोधी पात्र म्हणजे अकबराची दाई माहम अंगा, आणि ही भूमिका इला अरुण यांनी केली. त्यांच्या माहम अंगाला ना शिंगे आहेत ना भयंकर नखे. तिचा दरारा व्यक्त होतो तो दालनांच्या उंचीतून, पडद्याआड थांबून ऐकण्याच्या सवयीतून आणि राजवाड्यातील तिच्या अनिर्बंध वावरातून. नेपथ्य हे केवळ पार्श्वभूमी नसून पात्राच्या स्वभावाचाच भाग असते, हे समजून घेण्यासाठी याहून चांगले उदाहरण मिळणे कठीण आहे. नीता लुल्ला यांना या चित्रपटाच्या वेशभूषेसाठी राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, आणि देसाई यांना त्यापूर्वीच ‘डॉ. बाबासाहेब आंबेडकर’, ‘हम दिल दे चुके सनम’, ‘लगान’ व ‘देवदास’ या चित्रपटांच्या कलादिग्दर्शनासाठी चार राष्ट्रीय पुरस्कार लाभले होते.

इतिहासातील माहम अंगा मात्र पडद्यावरच्या माहम अंगापेक्षा कितीतरी व्यापक आहे. बालवयात गादीवर आलेल्या अकबराच्या दरबारात ती काही काळ अत्यंत प्रभावी व्यक्ती होती, दिल्लीतील खैर-उल-मनाझिल ही मशीद आणि मदरसा यांची उभारणी तिने केली, आणि १५६२ मध्ये मुलगा आधम खान याला अकबराने गच्चीवरून फेकून देण्याची शिक्षा दिल्यानंतर थोड्याच दिवसांत तिचा मृत्यू झाला. लंडनच्या व्हिक्टोरिया आणि अल्बर्ट संग्रहालयातील ‘अकबरनामा’च्या सचित्र प्रतीत आधम खानाच्या त्या शिक्षेचे चित्र आहे. ज्या डिजिटल चित्रकाराला माहम अंगा रंगवायची आहे, त्याच्यासमोर चित्रपटातील कारस्थानी स्त्री, इतिहासातील राज्य चालवणारी स्त्री आणि मुलगा गमावलेली आई अशी तीन रूपे उभी राहतात, आणि त्यांतले कोणते निवडायचे हा निर्णय त्याच्या कलेची पातळी ठरवतो.

या स्टुडिओचा इतिहास हा चित्रपटकलेतील एका स्थित्यंतराचाही इतिहास आहे. प्लायवूड, प्लास्टर आणि फायबर यांतून उभे केलेले महाल अजूनही लागतात, परंतु महालाचा वरचा मजला, मागचे डोंगर किंवा दूरवरचे शहर आता बहुधा संगणकावर रंगवले जाते. या कामाला मॅट पेंटिंग म्हणतात आणि पूर्वी ते काचेवर हाताने केले जात असे. पात्र कसे दिसावे, त्याचे दागिने, केस आणि पेहराव कसा असावा, याची चित्रीकरणापूर्वी काढलेली रेखाटने, ज्यांना कॉन्सेप्ट आर्ट म्हणतात, तीही आज मुख्यतः डिजिटल पद्धतीने तयार होतात. देसाई यांचे २ ऑगस्ट २०२३ रोजी याच स्टुडिओत निधन झाले आणि पुढे स्टुडिओची सूत्रे राज्य शासनाच्या महाराष्ट्र चित्रपट, रंगभूमी आणि सांस्कृतिक विकास महामंडळाकडे आली. या वास्तूत स्थानिक तरुणांना नेपथ्य आणि डिजिटल चित्रकला यांचे शिक्षण मिळण्याची सोय झाली, तर कर्जत-खालापूरच्या मुलामुलींना आपल्या दाराशी असलेल्या उद्योगात मोलमजुरीच्या पलीकडे जाऊन कलावंत म्हणून उभे राहता येईल.

डिजिटल चित्रकार खलनायिकेकडून काय घेतो

चित्रकलेच्या तांत्रिक बाजूने पाहिले, तर खलनायिकेचे चित्र मुख्यतः छायाकृती, आकार, रंग आणि प्रकाश या घटकांवर उभे असते. छायाकृती म्हणजे पात्राची आतील सर्व बारकाई पुसून उरलेली काळी बाह्यरेषा, आणि ती पाहताक्षणी ओळखू येणे ही उत्तम पात्ररचनेची कसोटी मानली जाते. ‘स्लीपिंग ब्यूटी’ (१९५९) या चित्रपटासाठी मार्क डेव्हिस यांनी रेखाटलेली मॅलेफिसंट ही या कसोटीला पूर्णपणे उतरते, कारण शिंगे, उंच गळपट्टी आणि ज्वाळांसारख्या कडांचा झगा यांमुळे ती कितीही लहान काढली तरी दुसऱ्या कुणाची वाटत नाही. आकारांच्या भाषेत वर्तुळ मायाळूपणा, चौकोन स्थैर्य आणि टोकदार त्रिकोण धोका सुचवतो, म्हणून खलनायिकांच्या भुवया, नखे आणि पदर यांना टोके येतात. रंगांत काळा, जांभळा आणि विषारी वाटणारा हिरवा यांचा वापर रूढ आहे, आणि प्रकाश खालून वर टाकला की ओळखीचा चेहराही भयप्रद होतो, कारण माणसाला वरून येणाऱ्या उजेडात चेहरे पाहण्याची सवय असते.

याचा अर्थ चित्रकाराला खलनायिकेत मोठे स्वातंत्र्य मिळते. नायिका सुंदर, सौम्य आणि प्रमाणबद्ध असावी अशी अपेक्षा तिच्या चित्रकाराचे हात बांधते, उलट खलनायिकेत अतिशयोक्ती शोभते आणि वय, स्थूलपणा, राग, महत्त्वाकांक्षा हे सारे खुलेपणाने रंगवता येते. डिस्नेच्या ‘द लिटल मरमेड’ (१९८९) मधील उर्सुला ही स्थूल समुद्री चेटकीण डिव्हाइन या रंगमंच-कलावंताच्या रूपावरून सुचली होती. हार्ले क्विन ही पॉल डिनी आणि ब्रूस टिम यांनी १९९२ मध्ये बॅटमनच्या चलच्चित्र मालिकेसाठी निर्माण केलेली व्यक्तिरेखा इतकी लोकप्रिय झाली की, पुढे ती कॉमिक्समध्ये गेली आणि आज कॉस्प्ले करणाऱ्यांच्या, म्हणजे आवडत्या पात्राचा हुबेहूब वेश धारण करणाऱ्यांच्या, आवडत्या पात्रांत तिची गणना होते. चाहत्यांनी स्वतःहून काढलेल्या अशा पात्रांच्या चित्रांना फॅन आर्ट म्हणतात, आणि अनेक व्यावसायिक चित्रकारांची उमेदवारी या प्रकारातूनच झालेली असते.

मराठी घरांतही खलनायिका अशाच लोकप्रिय झाल्या आहेत. ‘कसौटी जिंदगी की’ या २००१ मध्ये सुरू झालेल्या हिंदी मालिकेत उर्वशी ढोलकिया यांनी साकारलेल्या कोमोलिकाच्या टिकल्या बाजारात गेल्या आणि तिची नजर व पार्श्वसंगीत पुढे मीममध्ये रूढ झाले. सावंतवाडीजवळच्या आकेरी गावात चित्रित झालेल्या ‘रात्रीस खेळ चाले’ या झी मराठीवरील मालिकेच्या २०१९ मधील दुसऱ्या पर्वात अपूर्वा नेमळेकर यांची शेवंता इतकी गाजली की, तिची साडी, केस आणि नजर ही स्वतंत्र दृश्यखूण बनली, जरी शेवंता ही निव्वळ खलनायिका नसून मोह, अन्याय आणि सूड यांच्या कोंडीत सापडलेली स्त्री होती. ‘बाजीराव मस्तानी’ (२०१५) मध्ये तन्वी आझमी यांनी मुंडन करून उभी केलेली राधाबाई याच रांगेतील आहे, आणि तिच्या कठोरपणाला अठराव्या शतकातील विधवेच्या आयुष्याची पार्श्वभूमी असल्यामुळे ते मुंडन केलेले मस्तक पाहणाऱ्याला भीतीबरोबर करुणेचीही जाणीव देते.

रंगातील पूर्वग्रह

खलनायिकेच्या चित्रांचा गौरव करताना त्यांतील दोष झाकून ठेवणे योग्य नाही. आपल्याकडील कॅलेंडरे, चित्रपुस्तके आणि मालिका यांत राक्षसी म्हटली की काळा वर्ण, पिंजारलेले केस, जाड ओठ, हाडांचे किंवा कवड्यांचे दागिने आणि जंगलाची पार्श्वभूमी हे ठरून गेलेले आहे, आणि यांतील अनेक खुणा प्रत्यक्षात वनवासी समाजांच्या रूपावरून व वेशावरून उचललेल्या आहेत. कर्जत-खालापूरच्या डोंगरवाड्यांत ठाकर आणि कातकरी समाज पिढ्यान्‌पिढ्या राहतात. या समाजांतील मुलीने शाळेच्या पुस्तकात किंवा मोबाइलवर दुष्ट स्त्रीचे चित्र पाहावे आणि त्यात तिला आपल्या आजीचा वर्ण व आपल्या वाडीचे जंगल दिसावे, ही गोष्ट कोणत्याही संवेदनशील चित्रकाराने मनावर घ्यावी अशी आहे. भुताळी किंवा चेटकीण ठरवून स्त्रियांचा छळ होण्याचे प्रकार महाराष्ट्रात घडलेले आहेत आणि जादूटोणाविरोधी कायदा २०१३ मध्ये करण्याची गरज ज्या कारणांनी निर्माण झाली, त्यांत हेही एक होते. चित्र एकट्याने असा छळ घडवत नाही, परंतु छळ करणाऱ्याच्या मनातील प्रतिमेला ते आकार पुरवते.

कृत्रिम बुद्धिमत्तेवर चालणाऱ्या चित्रनिर्मितीमुळे हा प्रश्न अधिक तीव्र झाला आहे. ही साधने इंटरनेटवरील अगणित चित्रांतून शिकतात आणि मागणी करताच सर्वाधिक रूढ असलेल्या प्रतिमेच्या जवळ जाणारे चित्र काही क्षणांत देतात, त्यामुळे जो पूर्वग्रह आधी शंभर चित्रकारांच्या हातांत विखुरलेला होता तो आता एका कळीवर उपलब्ध होतो. विचार करून काढलेले चित्र आणि मागवलेले चित्र यांतील फरक येथेच स्पष्ट होतो, कारण रूढ प्रतिमा नाकारण्याचे काम त्या यंत्राकडून आपोआप होत नाही, ते माणसालाच करावे लागते.

रूढ प्रतिमा नाकारण्याची परंपरा भारतात जुनी आहे. भासाच्या ‘प्रतिमा’ नाटकात कैकेयीच्या मागणीमागे वेगळा हेतू दाखवून तिला दोषमुक्त केले आहे आणि कंबनाच्या तमिळ रामायणात शूर्पणखा रामासमोर सुंदर रूप घेऊन येते. पाश्चात्त्य जगात ‘द विझर्ड ऑफ ऑझ’ (१९३९) मधील हिरव्या वर्णाच्या चेटकिणीची बाजू ग्रेगरी मॅग्वायर यांच्या ‘विकेड’ (१९९५) या कादंबरीने मांडली, आणि त्यावरून २००३ मध्ये संगीतिका व २०२४ मध्ये चित्रपट आला. मॅलेफिसंटचीही कथा २०१४ मध्ये तिच्या बाजूने पुन्हा सांगण्यात आली. या पुनर्कथनांना मिळालेल्या प्रतिसादावरून एवढे निश्चित दिसते की, दुष्ट ठरवलेली स्त्री तशी का झाली हे जाणून घेण्याची उत्सुकता प्रेक्षकांत आहे.

उंबरखिंडीतील रायबागन

या दृष्टीने खालापूर तालुक्याकडे एक असे पात्र आहे, ज्याची आठवण डिजिटल चित्रकारांना करून देणे आवश्यक आहे. फेब्रुवारी १६६१ मध्ये मोगल सरदार शाहिस्तेखानाने पाठवलेला कारतलबखान घाट उतरून कोकणात येत असताना उंबरखिंडीच्या अरुंद, झाडीने भरलेल्या वाटेत शिवाजी महाराजांनी त्याला कोंडले. त्या मोगल फौजेत माहूरच्या देशमुख घराण्यातील, रायबागन या नावाने प्रसिद्ध असलेली स्त्री सरदार होती. लढाई हातची गेल्याचे दिसताच तिने कारतलबखानाला त्याच्या निर्णयातील चूक सुनावली आणि शरण जाऊन सैन्य वाचवण्याचा सल्ला दिला, असे वर्णन कवींद्र परमानंद यांच्या ‘शिवभारत’ या संस्कृत काव्यात येते. खंडणी घेऊन महाराजांनी खानाला वाट दिली आणि आज त्या जागी या विजयाचे स्मारक उभे आहे.

मराठी इतिहासाच्या दृष्टीने रायबागन ही शत्रुपक्षातील स्त्री आहे, परंतु ती दुष्ट नाही. ती शूर आहे, अनुभवी आहे आणि पराभवाच्या क्षणी सत्य बोलण्याचे धैर्य तिच्यापाशी आहे. तिच्यासाठी शिंगे, पिंजारलेले केस किंवा विषारी हिरवा रंग काहीच कामाचे नाही. तिचे चित्र काढू इच्छिणाऱ्याला सतराव्या शतकातील शस्त्रे, घोड्याचे साज, मराठवाड्यातील सरदार स्त्रियांची वस्त्रे आणि सह्याद्रीतील फेब्रुवारी महिन्याची पानगळीची झाडी यांचा अभ्यास करावा लागेल, आणि चावणीच्या खिंडीत उभे राहून तेथील उजेड पाहावा लागेल. चेहऱ्यावर एकाच वेळी राग, हिशेब आणि शहाणपण आणण्याचे आव्हान कोणत्याही कसलेल्या चित्रकाराला पुरून उरेल असे आहे. याच रस्त्यावरील इमॅजिकात ‘मिस्टर इंडिया’ (१९८७) या चित्रपटावर आधारलेली राइड आहे, म्हणजे पडद्यावरील कथा लोक अंगावर अनुभवायला येतात. मग त्याच परिसरात घडलेला प्रसंग उत्तम चित्ररूपात सादर झाला, तर त्यालाही प्रेक्षक लाभतील, यात शंका नाही.

असे काम सुरू करण्यासाठी फार मोठी साधने लागत नाहीत. क्रिटा आणि ब्लेंडर ही चित्रे काढण्याची व त्रिमितीय प्रतिकृती घडवण्याची सॉफ्टवेअर विनामूल्य मिळतात. हक्कांच्या बाबतीत मात्र काळजी घेतली पाहिजे. कॉपीराइट अधिनियम, १९५७ नुसार चित्रकाराच्या कृतीवरील हक्क त्याच्या मृत्यूनंतर साठ वर्षे टिकतो, त्यामुळे १९०६ मध्ये निधन पावलेल्या रविवर्मा यांची चित्रे आज सर्वांना अभ्यासासाठी आणि पुनर्निर्मितीसाठी खुली आहेत, परंतु अलीकडच्या चित्रपटांतील व कॉमिक्समधील व्यक्तिरेखांवर त्यांच्या निर्मात्यांचे हक्क असल्यामुळे त्यांची चित्रे विकण्यापूर्वी परवानगी घेणे आवश्यक ठरते. इतिहास आणि पुराणे यांतील स्त्रियांवर असा कोणाचाही हक्क नाही, आणि म्हणून मराठी चित्रकाराला सर्वांत मोकळे मैदान तेथेच आहे.

खलनायिकेचे चित्र हे चित्रकाराच्या कौशल्याची आणि त्याच्या न्यायबुद्धीची एकत्रित परीक्षा असते. मॅलेफिसंट आणि हार्ले क्विन यांच्याकडून छायाकृतीची शिस्त व रंगांचे धाडस अवश्य शिकावे, ललिता पवार यांच्याकडून एका नजरेत संपूर्ण स्वभाव उभा करण्याची ताकद शिकावी. मात्र आनंदीबाई किंवा माहम अंगा रंगवताना पुरावा काय सांगतो हे आधी वाचावे आणि राक्षसी रंगवताना कोणत्या जिवंत माणसांचे रूप आपण उसने घेत आहोत हे स्वतःला विचारावे. कर्जत-खालापूरच्या शाळांतील चित्रकला शिक्षकांनी, गणेशोत्सव मंडळांनी आणि टॅब्लेट हाती घेतलेल्या तरुण कलावंतांनी रायबागनपासून सुरुवात करावी, कारण शत्रूलाही न्याय देणारे चित्र काढता येणे हीच प्रगल्भ दृश्यसंस्कृतीची खूण आहे.